शमीम तांबोळींनी पाहिलेली चढाई

५ जानेवारी २०२५, रविवार

ही वही माझ्या मुलीला, साक्षीला, तिच्या चाकणच्या कंपनीतून मिळाली. तिला लिहायला वेळ नाही, मला वेळच वेळ आहे. छत्तीस वर्षं ग्राइंडिंगच्या मशीनवर उभा राहिलो आणि दर जॉबचं माप कागदावर लिहीत आलो. रिटायर होऊन आठ वर्षं झाली तरी हाताची सवय जात नाही. म्हणून लिहितो.

आज निगडीला आमच्या कंपनीच्या जुन्या कबड्डी संघाची बैठक झाली. संघाला पन्नास वर्षं होतायत. २३ फेब्रुवारीला मेळावा ठरला, नंतर स्मरणिकाही निघणार. मारुतराव तेव्हा कॅप्टन होता, आताही सगळं तोच ठरवतो. त्याने ८१ सालच्या फायनलचा लेख माझ्यावर टाकला. शेवटची चढाई तुझी, मग लेखही तुझाच, म्हणाला.

आठवण ताजीच आहे. मुंबईला कंपन्यांची आणि मिलची स्पर्धा होती. फायनल टीव्हीवर थेट दाखवली. समोर एका मिलचा संघ. शेवटच्या चढाईला आम्ही एका गुणाने मागे होतो. मी दोघांना बाद केलं, परतताना कोपऱ्यातल्या भिवा रेवाळेने माझा घोटा धरला, मी पडलो आणि पडल्या पडल्या हात लांब करून मध्यरेषा गाठली. एका गुणाने जिंकलो. आम्ही सात जण तेव्हा टेंपररी होतो. महिन्याभरात सगळे परमनंट झालो. लग्न, साक्षीचं शिक्षण, रावेतचा हा फ्लॅट, सगळं त्या हातावर उभं आहे असं मी नेहमी म्हणतो.

लिहायला बसलो आणि वेगळंच आठवलं. त्या सामन्याचं समालोचन एक बाई करत होत्या, शमीम तांबोळी. टीव्हीवर खेळाचं बोलणारी बाई तेव्हा दुसरी नव्हतीच. दर शुक्रवारी संध्याकाळी त्यांचा वीस मिनिटांचा कार्यक्रम असायचा. कॉलनीत एक टीव्ही आणि त्याच्यासमोर चाळीस माणसं. "नमस्कार, मैदानावरून शमीम तांबोळी," असं त्या म्हणायच्या. पुढे त्या दिसेनाशा झाल्या. का झाल्या, हे इतक्या वर्षांत माझ्या मनात कधी आलं नव्हतं.

माझ्या बायकोला, कस्तुराला विचारलं. ती मेथी निवडत होती. म्हणाली, "असतील कुठेतरी. लेख तुमच्या चढाईचा आहे ना, तेवढा लिहा."

९ जानेवारी

योग म्हणायचा की काय. माझ्या जुन्या स्कूटरची क्लच केबल रावेतात कुणाकडे मिळेना. चिखलीला रिझवान म्हणून एकाचं गॅरेज आहे, जुन्या गाड्यांचे पार्ट ठेवतो, असं कळलं म्हणून गेलो. केबल बसेपर्यंत बाकड्यावर बसलो, तर समोरच्या भिंतीवर टायरच्या कॅलेंडरशेजारी एक फोटो. काळापांढरा. एका वेणीची बाई, हातात माइक, उभी आहे ट्रकच्या टपावर.

रिझवानला विचारलं. तो म्हणाला, "माझी फुफी आहे, काका, अब्बांची बहीण. वरच राहते. तुम्ही ओळखता?"

मी म्हटलं, सगळा महाराष्ट्र ओळखायचा. तो हसला. म्हणाला, आता तर कंपाउंडच्या बाहेर कुणी ओळखत नाही. रविवारी या, तिला माणसं आवडतात.

१२ जानेवारी, रविवार

भेटून आलो. चौऱ्याहत्तर वर्षांच्या आहेत. केस पूर्ण पांढरे, आवाज मात्र तोच. दार उघडून त्या "या" म्हणाल्या आणि मला कॉलनीतला तो टीव्ही दिसला.

मी नाव सांगितलं. साहेबराव ओव्हाळ, पिंपरी. त्यांनी मला खालपासून वरपर्यंत बघितलं. मग म्हणाल्या, "उजवा हात का?"

मला कळेना. मग लक्षात आलं, चढाईचा विचारतायत. मी म्हटलं, हो, उजवाच. इतकी वर्षं झाली तरी बाईंना आठवण, याचं मला फार अप्रूप वाटलं. त्यांनी माझा हातही बघितला. डॉक्टर बघतात तसा नाही, सोनार बघतो तसा.

रिझवानची बायको रुक्साना हिने चहा दिला. मी मेळाव्याचं सांगितलं आणि तुमच्यावरही एक लेख स्मरणिकेत लिहितो म्हणालो. माझ्यावर कशाला, असं त्या म्हणाल्या, पण नाही म्हणाल्या नाहीत.

१३ जानेवारी

कस्तुराला सगळं सांगितलं. बाईंना माझा हात आठवतो, हेही सांगितलं. ती उठून वाळत घातलेले कपडे काढायला गेली. तिला अशा गोष्टींचं कौतुक कमीच.

१९ जानेवारी, रविवार

आज बाईंनी सगळी हकिकत सांगितली. जमेल तेवढी लिहून ठेवतो.

गाव चाकण. वडिलांची बाजारात विड्याच्या पानांची गादी होती. शमीमताई शाळेत खो-खो खेळायच्या. पंच्याहत्तर साली मुंबईला मामाकडे असताना टीव्हीवर बातम्या वाचायच्या परीक्षेला गेल्या आणि नापास झाल्या. कारण असं दिलं की तुम्ही वाचताना फार उत्साहाने वाचता, मंत्र्याच्या दौऱ्यात एवढं काय आहे. बाहेर पडताना कॉरिडॉरमध्ये दोन माणसं खो-खोच्या नियमावरून भांडत होती. यांनी थांबून तो नियम समजावून सांगितला. त्यातला एक निर्माता निघाला. पुढच्या शुक्रवारी या म्हणाला.

पहिल्या दिवशी त्या पांढरी साडी नेसून गेल्या, तर कॅमेऱ्यात नुसता उजेड दिसायला लागला. दुसऱ्या बाईची निळी साडी उसनी घेऊन नेसल्या. काळ्यापांढऱ्या टीव्हीत लाल बनियन आणि हिरवी बनियन सारखीच दिसते, हे त्यांनीच आधी ओळखलं. प्रेक्षकाला कोण कुणाचा ते कळावं म्हणून एका संघाच्या दंडाला पांढरे रुमाल बांधायला लावले. खेळाडू कुरकुरले. कुस्त्यांच्या वेळी तर एक साताऱ्याकडचे पैलवान म्हणाले, बाई सांगणार आणि आम्ही बांधणार का. शमीमताईंनी कमरेचा रुमाल काढून स्वतःच्या हाताने त्या पैलवानाच्या दंडाला बांधला. ट्रकच्या टपावरचा फोटो त्याच कुस्त्यांचा. खालून आखाडा दिसत नव्हता, म्हणून वर चढल्या.

मी विचारलं, टपावर चढायची काय गरज होती, शेजारच्याला विचारून सांगायचं.

त्या म्हणाल्या, "मग ते त्याने बघितलेलं झालं. मी बघितलेलं नाही. लोक मला बघायला पाठवत होते, साहेबराव."

सहा वर्षं कार्यक्रम चालला. एक्क्याऐंशीत संपला. का, म्हणून विचारलं. त्या म्हणाल्या, काही गोष्टी संपतात. लग्न झालं का, घरच्यांनी थांबवलं का, मी तऱ्हेतऱ्हेने विचारून बघितलं. वडिलांनी थांबवलं असेल, असा माझा कयास. त्या काळी मुसलमान घरातली मुलगी टीव्हीवर, सोपं नसणार. त्यांना तसं बोलूनही दाखवलं. त्या हसल्या. म्हणाल्या, "माझ्या अब्बांनी तर माझ्यासाठी गादीवर टीव्ही बसवला होता. गिऱ्हाईक पान खायचं सोडून तोंडाकडे बघत बसायचं."

मग का? शोधून काढलं पाहिजे. लेखात हीच खरी गोष्ट असणार.

२६ जानेवारी, रविवार

आज त्यांनी मला उलटं कामाला लावलं. तुमची चढाई सांगा, म्हणाल्या, पहिल्या पावलापासून.

सांगितली. डावीकडून शिरलो, मधल्याला पायाने मारलं, दुसऱ्याला हाताने. वळलो तेव्हा भिवाने घोटा धरला. जबर पकड. पडलो, हात टाकला. रेषेच्या पलीकडे चार बोटं गेली.

"चार?" त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, तीन असतील. अहो, त्या घाईत कोण मोजतं.

"माझं टेबल कुठे होतं, आठवतं?"

मी म्हटलं, तुम्ही मागे कुठेतरी असाल, मांडवात. रुक्साना नंतर म्हणाली की फुफी टेबल कायम मध्यरेषेच्या सरळ रेषेत लावून घ्यायची, त्यावरून आयोजकांशी भांडणं व्हायची. मला ते माहीत नव्हतं. लेखात घालायला चांगलं आहे.

त्यांनी परत सांगायला लावलं. मग आणखी एकदा. वयाने विसरायला होत असावं. तिसऱ्यांदा सांगताना मी बोटांचं काही म्हटलंच नाही, नुसतं रेषा गाठली म्हटलं.

हे कुणी वाचणार नाही म्हणून लिहितो. ती चढाई आठवली की मला शिट्टी ऐकू येते, लोकांचा आरडाओरडा ऐकू येतो, मारुतरावने उचललं ते आठवतं. हात दिसत नाही.

२ फेब्रुवारी, रविवार

बैठक. मी सुचवलं की मेळाव्याला शमीम तांबोळींना प्रमुख पाहुण्या म्हणून बोलवू. चिखलीतच राहतात, आपला सामना त्यांनी सांगितलेला. सगळे खुश होतील असं वाटलं होतं. सगळे आपापल्या कागदांत बघायला लागले. मारुतराव म्हणाला, नगरसेवकांना शब्द दिलाय. मी म्हटलं, दोघांनाही बोलवू. तो म्हणाला, "साहेबा, जुनं उकरू नको."

यात उकरण्यासारखं काय आहे? मारुतराव माणूस चांगला, पण राजकारण्यांपुढे त्याचं काही चालत नाही.

८ फेब्रुवारी, शनिवार

मोठा शोध. शमीमताईंचा थोरला भाऊ, म्हणजे रिझवानचे वडील, चाकणला टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर धरून बहिणीचे कार्यक्रम भरून ठेवायचे. ते गेले, पण चौदा कॅसेट राहिल्या. एकीवर उर्दूत आणि मराठीत लिहिलंय: कबड्डी फायनल, फेब्रुवारी ८१.

ती कॅसेट हातातून खाली ठेववेना. चव्वेचाळीस वर्षांत मी ते समालोचन ऐकलेलं नाही. मी मैदानात होतो, बाकीच्यांनी ऐकलं.

शमीमताई म्हणाल्या, "ती राहू द्या. दुसरी ऐका, कुस्तीची छान आहे."

मी हट्टच धरला. लेखात त्यांचे शब्द जसेच्या तसे हवेत, म्हटलं. त्यांनी कॅसेट उलटीसुलटी करून बघितली. मग रिझवानला म्हणाल्या, दे त्यांना, त्यांचा हक्क आहे. रिझवान कुणाकडून तरी ती मोबाइलवर घेऊन साक्षीला पाठवणार आहे. माझ्या फोनमध्ये जागा नाही.

११ फेब्रुवारी

साक्षी कंपनीच्या बसमधून उतरून आली, तेव्हापासून गप्प आहे. रेकॉर्डिंग आलं का विचारलं. आलंय, पण खरखर फार आहे, म्हणाली, साफ करून घेते, चार दिवस थांबा. मी म्हटलं, खरखर असू दे. तर आईकडे बघायला लागली. दोघी आत गेल्या आणि दार लोटून बोलत बसल्या. तिच्या ऑफिसात काही झालंय का, उद्या विचारतो.

१२ फेब्रुवारी, बुधवार

ऐकलं.

साक्षीने दुपारी सुट्टी टाकली आणि शेजारी बसून ऐकवलं. खरखर काही विशेष नाही. मागे कुकरची शिट्टी होते, कुणीतरी मुलाला गप्प बस म्हणतं. बाईंचा आवाज स्पष्ट आहे. चार वेळा ऐकून उतरवून घेतलंय:

"चढाईला साहेबराव ओव्हाळ. वेळ संपत आलीय. डावीकडून शिरलेत. मधल्याला पाय लागला. दुसराही गेला. आता परत फिरायचं, आणि कोपऱ्यातून भिवा रेवाळे, घोटा धरला, सुंदर पकड. ओव्हाळ पडलेत, हात पुढे आहे, शिट्टी. पंचांनी गुण दिलेत. पिंपरीचा संघ जिंकला. पंचांचा निर्णय अंतिम असतो, तो आपण मानायचा. पण मी इथे रेषेच्या समोर बसले आहे आणि तुमच्यासाठी बसले आहे, म्हणून सांगते. हात रेषेला लागला नाही. हात आणि रेषेच्या मधे मला माती दिसली."

पुढे लोकांचा गलका आहे.

१३ फेब्रुवारी

काही नाही.

१४ फेब्रुवारी

भाकरी खाल्ली. फिरायला गेलो नाही.

१६ फेब्रुवारी, रविवार

कस्तुराला विचारलं. लग्नाआधी ती आमच्याच कॉलनीत राहायची. त्या दिवशी चाळीस माणसांत तीही टीव्हीसमोर होती.

"तू ऐकलं होतंस?"

"सगळ्यांनीच ऐकलं होतं."

"कुणी मला बोललं कसं नाही?"

ती म्हणाली, "तुम्ही कप घेऊन गेटातून आत आलात. तुमची आई समोर उभी होती. कोण बोलणार? मग परमनंटचं पत्र आलं. मग तर बोलायचं कारणच उरलं नाही." थोड्या वेळाने म्हणाली, "आणि तुम्ही कधी विचारलंही नाहीत. एवढं सगळं विचारता, हे कधी विचारलं नाही."

दुपारी मारुतरावकडे गेलो. त्याने आढेवेढे घेतले नाहीत. सामन्यानंतर कंपनीच्या क्रीडा सेक्रेटरीने टीव्हीवाल्यांना तक्रार केली होती: बाईंनी कामगारांच्या विजयाचा थेट प्रक्षेपणात अपमान केला. इंग्रजी पत्र, टाइप केलेलं, खाली बाराही खेळाडूंच्या सह्या.

मी म्हटलं, माझी नसणार.

"तुझी पहिली होती," मारुतराव म्हणाला. "तू हिरो होतास."

मग आठवलं. कँटीनमध्ये एका कागदावर सह्या केल्या होत्या. आभाराचं पत्र आहे असं मला वाटलं. मला तेव्हा इंग्रजी येत नव्हतं. मारुतरावला येत होतं. तो म्हणाला, "मी वाचलं होतं, साहेबा. सात जणांच्या नोकऱ्या होत्या. आज परत तसं आलं तरी मी सही करीन." त्याच्या डोळ्यांत पाणी होतं, पण तो खोटं बोलत नव्हता.

मी शमीमताईंच्या वडिलांवर शंका घेतली होती. त्यांच्या तोंडावर.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

चिखलीला गेलो. रस्ताभर माफीची वाक्यं जुळवत होतो. त्यांनी दार उघडलं, मी खुर्चीत बसलो आणि जुळवलेलं सगळं गेलं. ऐकलं, एवढंच म्हटलं. पत्राचंही सांगितलं.

पत्राचं त्यांना माहीत होतंच. त्या म्हणाल्या, टीव्हीवरची माणसं वाईट नव्हती. पुढच्या शुक्रवारी दोन ओळी वाच, म्हणाले, की माझी नजरचूक झाली, आणि विषय मिटव. दोन ओळींचा तर प्रश्न होता. मीच वाचल्या नाहीत. मला तसं दिसलं नव्हतं. मग मी गावी आले, मुलींच्या शाळेत खेळाची शिक्षिका झाले, तीस वर्षं शिकवलं. वाईट गेलं नाही आयुष्य.

मी म्हटलं, तुम्हाला राग कसा नाही.

त्या म्हणाल्या, "रागाचं सोडा. मला दुसरंच छळत आलंय. त्या क्षणी माझ्या आणि रेषेच्या मधून एक फोटोग्राफर वाकून गेला होता. डोळ्याचं पातं लवावं एवढाच वेळ. मी माती बघितली ती आधी की नंतर? की मला वाटलं? नोकरी मी सोडली ती खरं बोलले म्हणून, असं धरून चालले. पण मी चुकले असेन तर? हे सांगू शकणारा माणूस जगात एकच होता आणि तो क्लच केबल शोधत माझ्या दारात आला."

मग त्या खुर्चीत पुढे झाल्या. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, दुःखही नव्हतं. साक्षी लहानपणी घड्याळ उघडून बघायची, तसा चेहरा होता.

"साहेबराव, लागला होता का हात?"

पंचांचा निर्णय, चव्वेचाळीस वर्षं, म्हातारपण, सांगायला बरंच होतं. मी म्हटलं, "नाही."

त्या माझ्या उजव्या हाताकडे बघायला लागल्या.

मी म्हटलं, रेषा फक्कीने आखलेली होती, पांढरी. उठलो तेव्हा माझ्या बोटांना फक्की नव्हती, नुसती लाल माती होती. मारुतराव मला उचलायला येत होता. तो पोचायच्या आत मी हात चड्डीला पुसला.

हे मी आयुष्यात कुणाला बोललो नव्हतो. स्वतःशीही नाही. हात पुसलेला मला कायम आठवत होता, का पुसला ते मी बघायला गेलो नाही.

"किती राहिला होता?" त्यांनी विचारलं.

आयुष्यभर शतांश मिलिमीटर मोजले. "दोन बोटं," मी म्हणालो.

"मला वीतभर वाटलं होतं," त्या म्हणाल्या आणि खुर्चीला टेकून बसल्या. त्यांनी डोळे मिटले. रुक्साना घाबरून आतून आली. त्या तिला म्हणाल्या, काही नाही गं, चहा टाक.

२३ फेब्रुवारी, रविवार

मेळावा झाला. शमीमताईंना मीच रिक्षाने घेऊन गेलो, कुणाची परवानगी घेतली नाही. मारुतरावने त्यांना बघितलं आणि उठून खुर्ची दिली. नगरसेवक हार घालून लगेच गेले.

माझं नाव पुकारलं. लेख खिशात होता, वाचला नाही. उभा राहिलो आणि चार वाक्यांत सांगितलं. हात लागला नव्हता. मला माहीत होतं. बाईंनी खरं सांगितलं. त्यांच्याविरुद्धच्या पत्रावर पहिली सही माझी होती.

मागच्या रांगेतून दोघं उठून गेले. एकाने ओरडून विचारलं की आता कप परत देणार काय. सोनबा आमचा मधला खेळाडू, आता काठी घेऊन चालतो, तो मान खाली घालून बसला होता. मारुतराव स्टेजवर होता, खाली उतरला आणि मंडपाच्या बाहेर जाऊन उभा राहिला. कस्तुरा पहिल्या रांगेत होती. तिच्याकडे बघायचं धाडस झालं नाही.

शमीमताईंनी माइक मागितला. म्हणाल्या, निर्णय पंचांचा असतो, कप तुमचाच आहे, तो कुणी परत मागत नाही. माझं काम तेव्हा दिसलं ते सांगायचं होतं. साहेबरावांना दिसलं ते त्यांनी आज सांगितलं. उशीर झाला, पण सांगितलं. मग त्यांनी विचारलं की भिवा रेवाळे हयात आहे का, कुणाला ठाऊक आहे का. एवढी सुंदर पकड मी परत बघितली नाही, म्हणाल्या.

कुणालाच ठाऊक नव्हतं. जेवणं झाली. माझ्या पंगतीत तिघंच बसले.

घरी आल्यावर कस्तुरा म्हणाली, "पाय दुखत असतील, तेल लावते." पंचेचाळीस वर्षांच्या ओळखीत ती पहिल्यांदा असं आपणहून म्हणाली.

१ मार्च

एका आठवड्यात चौघांनी फोन उचलणं बंद केलं. मारुतराव मात्र काल आला. बसला, मॅचचं काही बोलला नाही, त्याला गुडघ्याचं ऑपरेशन करायचंय, त्याचंच विचारत राहिला. जाताना म्हणाला, "स्मरणिकेत तुझा लेख नसेल. मला छापता येणार नाही." मी म्हटलं, चालेल. तो म्हणाला, "बाईंवर लिहिलेला छापतोय. पूर्ण."

४ मार्च

भिवा मला झोपू देत नाही. मी परमनंट झालो तेव्हा तो काय झाला? तोही बदली कामगार होता, एवढं आठवतं. साक्षीने जुन्या कबड्डीपटूंच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकलंय.

६ मार्च, गुरुवार

नंबर मिळाला. भिवा संगमेश्वरच्या बाजूला त्याच्या गावी आहे. ब्याऐंशीच्या संपात मिल गेली, मग तो गावी परतला, भात आणि थोडी काजूची झाडं. फोन घरी करायची हिंमत होईना. चिखलीला गेलो. रोजे सुरू आहेत, शमीमताई खिडकीशी बसून होत्या, थकलेल्या होत्या. मी म्हटलं, नंबर आहे, तुमच्यासमोर लावतो. त्या सावरून बसल्या.

फोन स्पीकरवर ठेवला. नाव सांगितलं. पलीकडे कोंबड्यांचा आवाज येत होता.

"पिंपरीचा ओव्हाळ?" तो म्हणाला. "घोटा बरा हाय का?"

मी सांगितलं, जे मेळाव्यात सांगितलं तेच. तो ऐकून घेतो आणि म्हणतो कसा, "मला ठावं हुतं की. पाय माझ्या हातात हुता. तू पुढं सरकलाच न्हाईस."

मी म्हटलं, भिवा, माझ्यामुळे तुझं नुकसान झालं.

तो म्हणाला की मिल पुढच्या वर्षी गेलीच असती, तू काय मिल बंद केलीस का. त्या दिवशी वाईट वाटलं ते वेगळं. हरून खोलीवर गेलो, आता आईला तोंड कसं दाखवू म्हणून खालीच रेंगाळत होतो. तर आईच जिना उतरून आली.

"आई म्हनाली, तू सोडला न्हाईस, धरला हुतास. मी म्हटलं, तुला काय म्हाईत? तर म्हनाली, टीव्हीवरच्या बाईंनी सांगितलंन. साऱ्या चाळीसमोर सांगितलंन." मग म्हणाला, "आई गेली त्याला बावीस वर्सं झाली. मरेपावतो सांगायची लोकांना. माझ्या भिवानं धरला हुता, बाईंनी बघितलंन."

मी शमीमताईंकडे बघितलं. त्यांचा हात तोंडावर होता. मी फोन त्यांच्याकडे सरकवला आणि भिवाला म्हटलं, त्या इथेच आहेत.

खाली गॅरेजात रिझवानने कुठलंसं इंजिन सुरू केलं आणि बंद केलं. रुक्साना दारात खजुराची ताटली घेऊन उभी होती, ती तशीच उभी राहिली.

शेवटी शमीमताईंनी फोन दोन्ही हातांत धरला, तोंडाजवळ नेला. आवाज फुटला तो थेट मैदानावरचा.

"भिवा, तुमच्या आई त्या दिवशी टीव्हीच्या किती जवळ बसल्या होत्या? मला सगळं सांगा, अगदी पहिल्यापासून."